शिवेवरचा शेजार

मराठीत हद्दीसाठी शब्द पुष्कळ आहेत. शेताला बांध असतो, गावाला शीव असते, वस्तीला गावकूस आणि वेस असते. राज्याला सीमा आणि देशाला सरहद्द. या शब्दांभोवती आपल्या वाडवडिलांनी किती भावना गुंफून ठेवल्या होत्या हे पाहिले म्हणजे नवल वाटते. नवरदेवाचे स्वागत शिवेवर व्हावे म्हणून सीमांतपूजन आले. शिवेवर म्हसोबा बसला, कारण अवेळी तेथून जाणाऱ्याला कोणाचा तरी आधार वाटावा. पाहुण्याला निरोप देण्यासाठी माणसे शिवेपर्यंत चालत जात. शीव ही भेटण्याची आणि निरोप घेण्याची जागा होती. तेथे सहसा कोणी राहत नसे. राहणारा असलाच तर तो गावाने बाहेर ठेवलेला असे.

आम्हांस आज लिहावयाचे आहे ते याच जागी कायमचे राहणाऱ्या माणसांविषयी, आणि त्यांच्या निमित्ताने एका जुन्या नैतिक प्रश्नाविषयी. जो आपल्यापासून दूर राहतो त्याचे आपण काय देणे लागतो? प्रश्न साधा दिसतो. परंतु धर्मग्रामाच्या सभेत तो निघाला की कोणीतरी हटकून म्हणते, "फादर, आपल्या दारात इतकी दुःखे पडलेली असताना तिकडे लांब कशाला पाहायचे?" हा आक्षेप हसण्यावारी नेण्याजोगा नाही. त्याचे उत्तर पुढे देऊच. त्यापूर्वी एक हद्द पाहून येऊ.

छत्रपती संभाजीनगरहून अहिल्यानगरकडे निघाले की कायगावाजवळ गोदावरीचा पूल लागतो. अलीकडे कायगाव, पलीकडे टोके आणि प्रवरासंगम. आज या पुलावरून जाणाऱ्या मोटारीतील कोणालाही आपण काही ओलांडले असे वाटत नाही. फार तर कोणी नदीकडे पाहून हात जोडतो. परंतु आपल्या आजोबांच्या काळी हीच नदी दोन राज्यांमधली रेघ होती. अलीकडे निजामाचा मुलूख, पलीकडे इंग्रजांचा. अलीकडे हाली सिक्का, पलीकडे कलदार रुपया. अलीकडे कचेरीची भाषा उर्दू. माल इकडून तिकडे न्यायचा तर करोडगिरीच्या नाक्यावर जकात भरावी लागे. सोयरीक मात्र दोन्ही तीरांवर होती. माहेर निजामात आणि सासर इंग्रजीत, असे कितीतरी घरांत होते.

पुढे १५ ऑगस्ट १९४७ ला पलीकडचा तीर स्वतंत्र झाला आणि अलीकडचा झाला नाही. तेरा महिने ही स्थिती राहिली. हद्दीपलीकडच्या गावांत मुक्तिसंग्रामाच्या कार्यकर्त्यांच्या छावण्या पडल्या, अलीकडे रझाकारांची दहशत होती. १३ सप्टेंबर १९४८ रोजी भारतीय फौजा हैदराबाद संस्थानात शिरल्या आणि १७ तारखेला ते प्रकरण संपले. मग १ नोव्हेंबर १९५६ रोजी राज्यांची पुनर्रचना झाली, मराठवाडा मुंबई राज्यात आला आणि गोदावरीवरची ती रेघ नकाशातून पुसली गेली. कायगाव एक पाऊलही हलले नव्हते. तरी कालपर्यंत ते एका राज्याच्या टोकाला होते आणि आज हमरस्त्यावर आहे.

यातून एक गोष्ट ध्यानात घ्यावी असे आम्हांस वाटते. कोणतेही गाव स्वतःहून टोकाला नसते. टोक कोठे आहे हे मध्यावर बसलेली माणसे ठरवतात, आणि ती आपला विचार बदलतातही. शिवेवरच्या माणसाला बहुधा कोणी विचारत नाही.

कायगावची रेघ पुसली गेली, पण तिच्यासारख्या दुसऱ्या रेघा राहिल्या. त्यांतली एक आपल्यापासून पाचशे किलोमीटरांहूनही दूर असली तरी तिच्यावर राहणारी बरीचशी माणसे आपल्याच मराठवाड्यातली आहेत. चंद्रपूर जिल्ह्यात माणिकगडच्या डोंगरावर जिवती तालुका आहे. डोंगराखाली गडचांदूरचे सिमेंटचे कारखाने, वर कापसाची आणि सोयाबीनची शेते, तुरळक वस्त्या आणि त्यांच्यापुढे तेलंगणाची हद्द. या हद्दीवर परमडोली, मुकदमगुडा, महाराजगुडा, अंतापूर, लेंडीगुडा अशी चौदा गावे आहेत, ज्यांच्यावर महाराष्ट्र आणि तेलंगणा ही दोन्ही राज्ये हक्क सांगत आली.

हा गुंता कसा झाला हे समजण्याजोगे आहे. राजुऱ्याचा हा सारा प्रदेश निजामाच्या आदिलाबाद जिल्ह्यात होता. १९५६ साली तो तोडून आपल्या नांदेडला जोडला गेला आणि १९५९ साली नांदेडमधून काढून त्या वेळच्या चांदा जिल्ह्यात घातला गेला. तीन वर्षे ही गावे मराठवाड्यात होती म्हणायची! या काढघालीत डोंगरावरची रेघ कोठून जाते याची नीट मोजणी कोणी केली नाही. तेव्हा तेथे कोलाम आणि गोंड आदिवासींची थोडीशी घरे होती. रेघ इकडे काय आणि तिकडे काय, त्यांच्यासाठी डोंगर एकच होता.

त्यानंतर मराठवाड्यातून माणसे जाऊ लागली. १९७२ च्या दुष्काळाच्या गोष्टी आमच्या वाचकांपैकी ज्येष्ठांना सांगायला नकोत. खडी फोडण्याची कामे, सुकडी, अमेरिकेहून आलेली लाल मिलो, हे शब्द अजून घराघरांत ऐकू येतात. जालना, परभणी, नांदेड, बीड या भागांतील बंजारा, मातंग, बौद्ध आणि इतर भूमिहीन कुटुंबे बैलगाडीत संसार घालून पूर्वेकडे निघाली, कारण तिकडे पाऊस आहे, रान आहे आणि रान तोडले तर शेत होते, असे कोणीतरी सांगितले होते. ती डोंगरावर चढली आणि तेथेच राहिली. याला दुसरी बाजूही आहे आणि ती झाकू नये. जे रान मोकळे आहे असे त्यांना वाटले ते कोलामांचे आणि गोंडांचे होते. शिवेवर गेलेल्या माणसांनी तेथे आधीपासून असलेल्या माणसांना आणखी शिवेकडे लोटले.

आज या गावांतील दिनक्रम पाहावा. एकाच गावात दोन ग्रामपंचायती, दोन सरपंच. जिल्हा परिषदेची मराठी शाळा आहे आणि तेलुगू शाळाही आहे. घरात दोन शिधापत्रिका, मतदारयाद्या दोन, दोन्हींत नाव. आजारी माणसाला कोणत्या राज्याच्या दवाखान्यात न्यायचे हे रस्ता कोणता बरा आहे त्यावर ठरते. महाराजगुड्यातील एका घराची बातमी २०२२ च्या डिसेंबरात देशभर गाजली. त्या घराच्या मधूनच रेघ जाते. आठ खोल्यांपैकी चार एका राज्यात आणि चार दुसऱ्या. वाचणाऱ्यांना गंमत वाटली, छायाचित्रे निघाली. काहींनी हेवाही केला की दोन्ही सरकारांचे धान्य मिळते, आणखी काय हवे?

आपल्याकडे म्हण आहे, दोन घरचा पाहुणा उपाशी. या माणसांना जे हवे आहे ते दोघांपैकी कोणीही दिलेले नाही. पन्नास वर्षे कसलेल्या जमिनीचा पट्टा त्यांतील बहुतेकांच्या हाती नाही. जमीन कागदोपत्री वनाची. २००६ च्या वनहक्क कायद्याने आदिवासींना दार उघडले, परंतु आदिवासी नसलेल्यांना १३ डिसेंबर २००५ पूर्वीची तीन पिढ्यांची, म्हणजे पंचाहत्तर वर्षांची वहिवाट दाखवावी लागते. बहात्तरच्या दुष्काळात पोट घेऊन निघालेल्या माणसाने पंचाहत्तर वर्षे कोठून आणायची? पट्टा नाही म्हणून पीककर्ज मिळत नाही, आणि बँकेचे कर्ज नाही म्हणून सावकाराचे दार. महाराष्ट्र शासन १९९७ च्या न्यायालयीन निर्णयाकडे बोट दाखवून ही गावे आमचीच असे म्हणत आले. जुलै २०२५ मध्ये ती अधिकृतपणे चंद्रपूर जिल्ह्यात सामावून घेण्याचे शासनाने जाहीरही केले. ते नीट पार पडो. पण इतकी वर्षे दोन राज्ये ज्या गोष्टीसाठी भांडली ती जमीन होती. माणसावर हक्क सांगण्याची घाई कोणालाच नव्हती.

एकटेपणाचा हा प्रकार आम्हांस विशेष विचार करण्याजोगा वाटतो. या गावांत माणसे आहेत, बाजार भरतो, लग्ने होतात, तांड्यावर होळी मोठ्या धुमधडाक्यात होते. निर्जन बेटावरच्या माणसाचा एकटेपणा तो नव्हे. आपली नोंद दोन वह्यांत आहे आणि आपली काळजी एकाही वहीत नाही, हे ठाऊक असलेल्या माणसाचा हा एकटेपणा आहे.

याच्याशी जोडून बदलीचा विषय येतो. सरकारी नोकरीत ज्याच्यावर वरिष्ठांची मर्जी गेली त्याला हद्दीवरच्या तालुक्यात पाठवण्याची रीत आपल्याकडे जुनी आहे. किनवट, जिवती, सिरोंचा ही नावे कर्मचाऱ्यांच्या तोंडी शिक्षा म्हणूनच येतात. बदलीचा हुकूम आला की घरी सांत्वनाला माणसे येतात. मास्तर तेथे हजर होतात ते परतीचा अर्ज खिशात घालूनच. आमच्या मते यात जो अपमान आहे तो त्या कर्मचाऱ्याचा नाही. जेथे राहणे ही एकाची शिक्षा, तेथे जन्मलेल्या मुलांनी स्वतःविषयी काय समजावे? आपला गुन्हा कोणता, असे त्यांनी विचारले तर मास्तरांपाशी उत्तर नाही. धर्मगुरूंच्या बदल्यांच्या वेळीही 'चांगली' आणि 'लांबची' असे धर्मग्रामांचे दोन प्रकार लोकांच्या बोलण्यात ऐकू येतात, हे येथे नमूद करून ठेवतो.

मुक्कामी एसटीचेही असेच. रात्री उशिरा गावात येणारी, चालक-वाहकांसह तेथेच मुक्काम करणारी आणि पहाटे शाळेच्या मुलांना, दूधवाल्यांना, कचेरीत खेटे घालणाऱ्यांना घेऊन निघणारी गाडी. ज्यांनी खेड्यात दिवस काढले आहेत त्यांना हिचे मोल ठाऊक आहे. आमच्याच जिल्ह्यातील सोयगाव तालुका घ्या. तो अजिंठ्याच्या डोंगराखाली, बाजारहाट पाचोरा-जळगावकडे, आणि जिल्ह्याची कचेरी मात्र घाट चढून संभाजीनगरला. अशा ठिकाणी पहाटेची गाडी चुकली की कामाचा एक दिवस गेला. २०२१ च्या शेवटी एसटी कर्मचाऱ्यांचा जो संप झाला तो पुढच्या एप्रिलपर्यंत रेंगाळला. कर्मचाऱ्यांची दुःखे खरी होती, त्यावर आम्ही काही म्हणत नाही. शहरात मात्र रिक्षा होत्या, दुचाक्या होत्या. मुक्कामी गाडी ज्या गावांना येत होती तेथे काही घरांत मुलीची शाळा तेव्हा सुटली ती सुटलीच. आडगावाला गाडी येते म्हणजे काय होते? रोज रात्री कोणीतरी आठवणीने तेथे झोपायला येते. माणसांना याचे फार वाटते.

आता त्या आक्षेपाकडे वळू. संत थॉमस अक्वायनस यांनी आपल्या सुम्मा या ग्रंथात प्रीतीचा क्रम सांगितला आहे. सर्वांवर प्रेम करावे हे खरे, परंतु सर्वांचे देणे सारखे नसते; ज्याच्याशी नाते जवळचे त्याचे देणे अधिक. आईबाप, मुले, शेजारी, गाव, मग इतर. सेमिनरीत हा क्रम शिकताना तरुण विद्यार्थ्यांना तो कोता वाटतो. पुढे संसारी माणसांमध्ये राहिल्यावर त्यातील शहाणपण कळते. जो साऱ्या जगावर प्रेम करतो आणि घरातल्या म्हातारीला औषध आणत नाही, तो कोणावरच प्रेम करत नाही. तेव्हा दारातले दुःख आधी, हे म्हणणाऱ्या गृहस्थाच्या पाठीशी मोठा आधार आहे.

परंतु त्याच ग्रंथात त्याच संतांनी दुसरीही गोष्ट सांगितली आहे. परका माणूस पराकाष्ठेच्या गरजेत असेल आणि आपला बाप तशा गरजेत नसेल, तर परक्याला आधी मदत करावी लागेल. म्हणजे जवळीक किलोमीटरांत मोजता येत नाही, आणि रक्ताच्या नात्यानेही तिचे माप पुरे होत नाही. गरज हीसुद्धा माणसाला जवळ आणते. पुढे ते म्हणतात की दोघांची गरज वेगवेगळी असेल तेव्हा सरसकट नियम सांगता येत नाही; शहाण्या माणसाने विवेकाने ठरवावे. बिकट ठिकाणी नियम न सांगता विवेकावर सोडणारा हा तत्त्वज्ञ आम्हांस म्हणूनच विश्वासाचा वाटतो.

अंतराचा आणि एकटेपणाचा संबंध किती थोडा आहे हे आमच्या वाचकांना परदेशी ग्रंथांतून शिकण्याची गरज नाही. मराठवाड्यातील आपल्या धर्मग्रामांतील कितीतरी घरांचे आजे-पणजे गावकुसाबाहेर राहत होते. गावच्या विहिरीपासून त्यांची वस्ती किती दूर होती? दोनशे पावले. ती दोनशे पावले शतकानुशतके कोणी चालून आले नाही. मग एकोणिसाव्या शतकाच्या अखेरच्या दशकात फ्रान्समधील सव्हॉय प्रांतातून निघालेले, संत फ्रान्सिस द सेल्स यांच्या नावाच्या संघाचे मिशनरी वैजापूर तालुक्यातील घोगरगावी आले. त्यांतील फादर जाकिये यांचे नाव त्या परिसरात आजही आदराने घेतले जाते. त्यांनी समुद्र ओलांडला याचे आपण कौतुक करतो. आमच्या मते त्यांनी ती दोनशे पावले ओलांडली हे अधिक. वस्तीतल्या म्हाताऱ्यांना फ्रान्स कोठे आहे हे ठाऊक नव्हते. आपल्या ओसरीवर बसून हा माणूस आपल्या हातचे पाणी पितो, एवढे त्यांनी पाहिले.

शुभवर्तमानात दहा कुष्ठरोग्यांची गोष्ट आहे. ती शोमरोन आणि गालील यांच्या हद्दीवर घडते, हे सांगायला संत लूक विसरत नाहीत. त्या दहांत एक शोमरोनी होता. एरवी यहुदी आणि शोमरोनी एकमेकांच्या भांड्याला शिवत नसत. येथे ते एकत्र राहत होते. गावाने बाहेर टाकल्यावर भांडायला काही उरले नव्हते. प्रभू येशू त्यांना सांगतात की जाऊन याजकांना दाखवा. आजच्या भाषेत बोलायचे तर दाखला घ्या, म्हणजे गावात परत जाता येईल. नऊजण निघून गेले, त्यांना आपण कृतघ्न म्हणतो. ते बिचारे दाखला घ्यायलाच गेले होते, आणि कोठे जायचे हे त्यांना ठाऊक होते. तो शोमरोनी कोणाकडे जाणार? यरुशलेमच्या याजकाने त्याला उभे केले नसते. जिवतीच्या डोंगरावर हातात दोन शिधापत्रिका धरून उभ्या असलेल्या माणसाविषयी वाचताना आम्हांस तो दहावा माणूस आठवतो. ज्याने विचारपूस केली त्याच्याकडे तो परत आला, कारण त्याच्यासाठी दुसरी कचेरी उघडी नव्हती.

मग शिवेवरच्या माणसाकडे जायचे ते कसे? येथे बहुतेक वेळा आपण चुकतो, असा आमचा समज आहे. मदतीचा ट्रक भरायचा, एक दिवस जायचे, कापडे-धान्य वाटायचे, फोटो काढायचे आणि संध्याकाळपर्यंत परत यायचे. यात वाईट काही नाही. दुष्काळात असे ट्रक आले म्हणून माणसे जगली. परंतु एकटेपणावर त्याचा उपाय होत नाही. ट्रक परत फिरला की उलट तो जास्त जाणवतो.

संत चार्ल्स द फुको यांचे चरित्र या दृष्टीने वाचण्याजोगे आहे. १८५८ साली स्ट्रासबुर्ग येथे जन्मलेला हा फ्रेंच लष्करी अधिकारी तरुणपणी श्रद्धा हरवून बसला होता, पुढे धर्मगुरू झाला. १९०१ साली ते अल्जीरियात मोरोक्कोच्या हद्दीजवळ बेनी-अब्बेस या लष्करी ठाण्याच्या गावी राहायला गेले. तेथूनही १९०५ साली ते आणखी दूर, सहारा वाळवंटाच्या आत, तमनरासेत येथे तुआरेग लोकांमध्ये गेले. थोड्याशा झोपड्यांची ती वस्ती होती. आपण येथे काहीतरी द्यायला आलो आहोत, अशी त्यांची समजूत होती, आणि ती स्वाभाविकही होती.

१९०७ चा नाताळ त्यांनी मिस्साबलीशिवाय काढला. त्या वेळच्या नियमाप्रमाणे मिस्साला उत्तर देणारा एक तरी ख्रिस्ती माणूस हवा होता आणि मैलोगणती कोणी ख्रिस्ती नव्हते. धर्मगुरूच्या आयुष्यात याहून मोठे एकटेपण कोणते असावे! वस्तीत दुष्काळ होता. जवळचे धान्य त्यांनी वाटून टाकले होते. १९०८ च्या जानेवारीत ते अंथरुणाला खिळले. वाचतील असे वाटेना. तेव्हा त्या मुसलमान शेजाऱ्यांनी, ज्यांच्या स्वतःच्या मुलांना दूध मिळत नव्हते, दूरदूरच्या शेळ्यांचे दूध थेंब थेंब गोळा करून त्यांना पाजले आणि जगवले. एकट्याने मिस्साबली अर्पण करण्याची परवानगी त्याच महिन्याच्या अखेरीस त्यांना मिळाली.

या प्रसंगानंतर फुको बदलले असे त्यांचे चरित्रकार सांगतात. आजवर ते देणारे होते, आता शेजारी झाले. पुढची वर्षे त्यांनी मुख्यतः तुआरेग भाषेचा मोठा कोश रचण्यात घालवली. एकाही माणसाचे धर्मांतर त्यांच्या हातून झाल्याची नोंद नाही असे म्हटले तरी चालेल. १ डिसेंबर १९१६ रोजी त्यांची हत्या झाली. १५ मे २०२२ रोजी रोम येथे त्यांना संत म्हणून घोषित करण्यात आले. त्याच दिवशी, त्याच चौकात, आपल्या देशाचे देवसहायम पिल्लई यांनाही तोच मान मिळाला. देवसहायम यांना १७५२ साली त्रावणकोर राज्याच्या हद्दीवरील आरल्वायमोळी येथे गोळ्या घालण्यात आल्या होत्या. राज्याला नको असलेली माणसे हद्दीवर नेऊन संपवण्याची रीत जुनी दिसते.

शेळीच्या दुधाच्या या गोष्टीतून आम्ही असे समजतो की शिवेवरच्या माणसाला जसे देणाऱ्याचे मोल असते तसेच आपले काही घेणाऱ्याचेही असते. जिवतीतल्या तांड्यावर गेलेल्या पाहुण्याने चहा नाकारला तर घरातल्या बाईचा चेहरा उतरतो. ज्याच्याकडून कोणीच काही घेत नाही तो माणूस खऱ्या अर्थाने हद्दीबाहेर गेला.

इतके सारे दूरचे बोलून झाल्यावर एक गोष्ट जवळची. दसरा झाला की मराठवाड्यातील हजारो कुटुंबे ऊसतोडीला निघतात. मुकादमाकडून उचल घेतलेली असते, ती फेडायला नवराबायकोचा कोयता पश्चिम महाराष्ट्रात, कर्नाटकाच्या हद्दीवरच्या कारखान्यांना, तर कधी हद्दीपलीकडे जातो. कारखान्याच्या शिवारात कोपी पडते आणि चार-सहा महिने तोच संसार. त्या गावाच्या दृष्टीने ती बाहेरची माणसे, आपल्या गावाच्या दृष्टीने गेलेली. नाताळ कोपीतच होतो, उपवासकाळही बहुधा तेथेच सुरू होतो. मागे घरी म्हातारी माणसे आणि शाळेसाठी ठेवलेली एखादी मुलगी. यांत आपल्या धर्मग्रामांतील कुटुंबेही आहेत. रजिस्टरात त्यांची नावे व्यवस्थित आहेत: बाप्तिस्मा, प्रथम ख्रिस्तप्रसाद, विवाह. दोन घरचे पाहुणे म्हणजे कोण, हे पाहायला माणिकगडच्या डोंगरावर चढण्याची गरज नाही.

कोणी विचारील की धर्मगुरू एक, गावे आठ-दहा, त्यात कारखान्यांच्या मागे कोठे धावायचे? विचारणे रास्त आहे. धावायला कोणी सांगत नाही. उपकेंद्रांच्या गावांचा अनुभव असा की धर्मगुरू किती वेळा येतो याहून तो ठरलेल्या वारी येतो की नाही याला माणसे महत्त्व देतात. महिन्याचा दुसरा मंगळवार म्हटला की दुसरा मंगळवार. त्या दिवशी अंगण सारवलेले असते, रोजंदारीला गेलेला माणूस लवकर परत येतो, आणि मिस्सा आटोपली की पहिला प्रश्न येतो तो प्रवचनाविषयी नसतो, पुढच्या वाराविषयी असतो.

कोप्यांचेही तसेच करता येईल. कोणता कारखाना, कोणता मुकादम, कोणत्या गावाच्या शिवारात कोपी पडणार, ही तीन उत्तरे निघण्यापूर्वी वहीत लिहून घ्यायला एका संध्याकाळपेक्षा जास्त वेळ लागत नाही. पुणे, नाशिक किंवा बेळगाव धर्मप्रांतातील त्या भागाच्या धर्मगुरूंना पत्र पाठवायला पोस्टाचे एक पाकीट पुरते. हल्ली तर फोनवरच होते. इकडे राहिलेल्या म्हाताऱ्यांकडे शनिवारी कोण जाणार, हे सुभक्त मंडळाने आपापसांत वाटून घ्यावे. जाणाऱ्याने त्यांच्या घरी बसून चहा घ्यावा, आणि उठण्यापूर्वी पुढच्या वेळचा वार सांगावा.